न सापडलेली उत्तरं



ज्यांच्या स्मरणार्थ आपण दरवर्षी इथे जमतो, त्या गुरुजींकडे मी शाळकरी वयात शिकवणीला जात असे. त्यांच्या ओसरीवर खुंटीला एक तार टांगलेली असायची. वर आकडा, खाली लाकडी चकती. पोस्टमन कार्ड टाकून गेला की गुरुजी ते वाचत, लगेच उत्तर लिहीत आणि आलेलं कार्ड तारेत ओवून टाकत. तार भरली की दुसरी लागे. गुरुजी गेल्यानंतर त्या तारा उतरवून चाळायचं काम आम्हा दोघा-तिघा विद्यार्थ्यांवर आलं. एका कार्डात कुणीतरी लिहिलं होतं की, तुम्ही सांगितलंत म्हणून मी घरी परत गेलो, वडील काही बोलले नाहीत. ते वाचून आम्ही बराच वेळ गप्प बसलो. गुरुजींनी काय सांगितलं होतं? ते त्या तारेला नव्हतं आणि असणारही नव्हतं. तारेला आलेली पत्रं असतात. गेलेली पत्रं दुसऱ्या कुठल्यातरी गावात, दुसऱ्या कुणाच्या तरी तारेला.

आज रोमन माणसांच्या खाजगी पत्रांबद्दल बोलायचं ठरवलं, तेव्हा ती तार डोळ्यांपुढे आली. दोन हजार वर्षांपूर्वीची ही पत्रं वाचताना आपल्या हाती नेहमी संवादाची एकच बाजू लागते. दुसरी बाजू ऐकायची कशी, हा माझ्या आजच्या बोलण्याचा विषय आहे.

सुरुवात एका अगदी छोट्या पत्राने करतो. तारीख 1 ऑक्टोबर, वर्ष इ.स.पू. 47. लिहिणारा मार्कस टुलियस सिसेरो, रोमचा सर्वांत नावाजलेला वक्ता, एकेकाळचा कॉन्सल. यादवी युद्धात तो पाँपेच्या बाजूने गेला, ती बाजू हरली, आणि सीझर क्षमा करतो की नाही याची वाट पाहत तो जवळजवळ वर्षभर ब्रुंडिसियम बंदरात अडकून पडला. आता क्षमा मिळाली आहे, तो घराकडे निघाला आहे. वाटेत व्हेनुसिया भागातून तो बायकोला, टेरेन्शियाला, लिहितो. मजकूर एवढाच की, अमुक तारखेच्या सुमाराला आम्ही टस्क्युलमच्या घरी पोचू. सोबत मंडळी असतील, बरेच दिवस राहू. सगळी तयारी ठेव. न्हाणीघरात मोठं कुंड नसेल तर बसवून घे. खाण्यापिण्याचं आणि प्रकृतीला लागणारं बाकीचंही पाहा. संपलं. तीस वर्षांहून अधिक काळचा संसार, मधली दोन-अडीच वर्षं भेट नाही, आणि कुशल विचारणारा एक शब्दसुद्धा नाही. टेरेन्शियाला लिहिलेलं हे त्याचं आपल्यापर्यंत आलेलं शेवटचं पत्र. पुढच्या वर्षी त्यांचा घटस्फोट झाला.

आता अकरा वर्षं मागे जाऊ. इ.स.पू. 58. सिसेरोला हद्दपार केलं आहे. थेस्सलोनिका आणि डिर्राकियममधून तो याच टेरेन्शियाला लिहितो, आणि ती पत्रं अश्रूंनी भिजलेली आहेत. हे मी अलंकार म्हणून म्हणत नाही, लिहिताना रडू आवरत नाही असं तो स्वतःच सांगतो. तिकडे रोममध्ये टेरेन्शियाला व्हेस्टा देवीच्या मंदिरातून ओढून नेलं गेलं. घर पाडलं गेलं. नवऱ्याला परत आणायला पैसा उभा करायचा म्हणून ती आपल्या मालकीची मिळकत विकायला निघाली. हे आपल्याला कळतं कसं? तिचं एकही पत्र उरलेलं नाही. कळतं ते सिसेरोच्या विनवणीवरून: विकू नकोस, मुलाचं पुढे काय होईल, खर्चाचा भार मित्रांना घेऊ दे. त्याच्या विनवणीत तिचा निर्धार दिसतो. ती बोललेली नाही, पण त्याच्या उत्तराचा आकार तिच्या बोलण्याने ठरलेला आहे, जसा मूठ उघडल्यावर मातीच्या गोळ्यावर बोटांचा ठसा दिसतो.

सिसेरोच्या पत्रसंग्रहात 900 हून अधिक पत्रं आहेत. त्यात इतरांनी त्याला लिहिलेली साधारण शंभर. टेरेन्शिया आणि घरच्यांना लिहिलेली 24 पत्रं एका स्वतंत्र भागात आहेत. जिवलग मित्र ॲटिकस याला लिहिलेल्या पत्रांचेच 16 भाग आहेत, आणि ॲटिकसची उत्तरं? एकही नाही. थोरल्या प्लिनीने नोंदवलं आहे की टेरेन्शिया 103 वर्षं जगली. सिसेरोला इ.स.पू. 43 मध्ये मारलं, त्यानंतरही ती कित्येक वर्षं होती. तिच्याकडे सांगण्यासारखं किती असेल! कुणी ते जपलं नाही.

जपलं कुणी, हा प्रश्न प्रत्येक जुन्या पत्राला विचारावा. सिसेरोची पत्रं टिकली त्याचं मोठं श्रेय टायरोला. टायरो हा त्याच्या घरचा गुलाम, त्याचा लेखनिक. इ.स.पू. 53 मध्ये सिसेरोने त्याला मुक्त केलं. इ.स.पू. 50 च्या नोव्हेंबरात सिलिसियाच्या सुभेदारीवरून परतताना टायरो आजारी पडला आणि त्याला ग्रीसमधल्या पात्रे गावी ठेवून पुढे जावं लागलं. मग वाटेवरच्या प्रत्येक मुक्कामावरून सिसेरो पत्र धाडतो. घाई करू नकोस, समुद्र खवळलेला असताना जहाजात बसू नकोस, वैद्याला हवे तेवढे पैसे दे, येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाबरोबर खुशाली कळव. घरातल्या मुलाबद्दल वाटावी तशी ही काळजी आहे, आणि ती खरी आहे.

पण त्याच संग्रहात दुसरी पत्रं आहेत. डायोनिसियस नावाचा गुलाम सिसेरोचं ग्रंथालय सांभाळत असे. त्याने बरेच ग्रंथ लांबवले आणि शिक्षा होणार हे ओळखून तो इलिरिकमकडे पळाला. सिसेरो तिथल्या अधिकाऱ्यांना लिहितो की त्याला शोधून ताब्यात द्या, माझ्या मनाला हे फार लागलं आहे. ग्रंथालय किती मोलाचं, हे तो सांगतो. डायोनिसियस का पळाला, कुठे लपला, कशाच्या आशेवर, हे सांगणारी ओळ कुठून येणार? टायरोची पत्रं वाचून गुलामगिरी त्या घरात सौम्य होती असं म्हणावंसं वाटतं, तेव्हा डायोनिसियसबद्दलचं पत्र शेजारी ठेवावं. मला स्वतःला ही दोन्ही पत्रं एकत्र वाचल्याशिवाय सिसेरोबद्दल बोलायचा धीर होत नाही.

पत्र जायचं कसं, हेही सांगायला हवं. ऑगस्टसने घोडे आणि मुक्कामांची व्यवस्था उभी केली, ती राजकारभारासाठी. सामान्य माणसाला टपाल नव्हतं. श्रीमंत घरात पत्रं नेणारे गुलाम असत. बाकीच्यांनी त्या दिशेला निघालेला व्यापारी, शिपाई, गाववाला गाठायचा. आपल्याकडे मुंबईला निघालेल्या माणसाच्या हाती डबा आणि चिठ्ठी देत, तसंच. रोमहून अथेन्सला निघालेला अकास्टस नावाचा पत्रवाहक 21 दिवसांत पोचला, तर सिसेरोने त्याच्या चपळाईचं कौतुक केलं. पुढे सिसेरोचा मुलगा अथेन्समध्ये शिकायला होता, त्याने टायरोला लिहिलं की तुमचे लोक 46 व्या दिवशी आले.

या अंतराने लॅटिन भाषेत एक विलक्षण सवय निर्माण केली. पत्र लिहिणारा पुष्कळदा स्वतःच्या आत्ताबद्दल भूतकाळात लिहितो. मी हे लिहीत आहे, असं न म्हणता मी हे लिहीत होतो, असं. कारण ज्या क्षणी ते वाचलं जाईल, त्या क्षणी हे सगळं होऊन गेलेलं असेल. लिहिणारा आपल्या घड्याळातून उठून वाचणाऱ्याच्या घड्याळात जाऊन बसतो. व्याकरणाची ही गोष्ट मी प्रथम शिकलो तेव्हा नुसता नियम म्हणून पाठ केली. ती आपुलकी आहे, हे पुष्कळ उशिरा कळलं.

आणि मायना! रोमन माणूस पत्राच्या आरंभी कधी कधी नुसती आद्याक्षरं लिहायचा. त्यांचा अर्थ: तू बरा असशील तर छान, मी बरा आहे. 'इकडील क्षेम, तिकडील क्षेम कळवावे' लिहिणाऱ्या आपल्या आजोबा-पणजोबांना ते समजावून सांगावं लागलं नसतं. अक्षराचंही तसंच. रोमन अक्षर म्हटलं की विजयकमानीवरची कोरीव, सरळ अक्षरं आठवतात. पत्रातलं रोमन अक्षर मात्र धावतं, एकमेकांत अडकलेलं, वाचणाऱ्याची परीक्षा पाहणारं. बाळबोध आणि मोडी यांत जो फरक, तोच. मोडी दप्तरासमोर बसलेल्या माणसाला रोमन पत्रं वाचणाऱ्यांचे हाल सांगायला नकोत.

इथे एक योगायोग सांगतो. वि. का. राजवाडे यांच्या 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेचा पहिला खंड 1898 साली प्रसिद्ध झाला, पानिपतच्या आधीच्या आणि त्या वेळच्या पत्रांचा. त्याच 1898 साली इंग्लंडमध्ये ग्रेनफेल आणि हंट यांनी इजिप्तमधल्या ऑक्सिरिंकसच्या पपायरसांचा पहिला खंड काढला. दोघांची एकमेकांना खबर असण्याचं कारण नाही. पण दोन्हीकडे एकाच वेळी माणसं रुमालात बांधलेल्या आणि कचऱ्यात गाडलेल्या कागदांकडे वळली होती, बखरीत आणि महाकाव्यात जे नाही ते शोधायला.

ऑक्सिरिंकसकडे येण्याआधी सिसेरोच्या घरातला एक प्रसंग सांगितल्याशिवाय राहवत नाही. इ.स.पू. 51 चा मे महिना. सिसेरो सिलिसियाला निघाला आहे, वाटेत भाऊ क्विंटस आणि भावजय पॉम्पोनिया यांच्याबरोबर एका मळ्यावर जेवायला थांबतो. पॉम्पोनिया ही ॲटिकसची बहीण. सणाचा दिवस होता. क्विंटस बायकोला म्हणतो की बायकांना तू बोलाव, पुरुषांना मी बोलावतो. सिसेरो लिहितो की त्याचे शब्द, सूर, चेहरा, सगळं गोड होतं. त्यावर ती सगळ्यांदेखत फटकारते की आपण स्वतःच इथे पाहुण्या आहोत. ती जेवायला बसली नाही. क्विंटसने तिच्याकडे ताट पाठवलं, तिने परत केलं. सिसेरो हे सगळं तिच्या भावालाच कळवतो: बघ, तुझी बहीण कशी वागते.

पण कारण त्याच पत्रात आहे, सहज जाता जाता आलेलं. जेवणाची व्यवस्था करायला क्विंटसने स्टॅटियसला पुढे पाठवलं होतं, आणि तिच्या रागाचं मूळ त्यातच असावं असं सिसेरोलाही वाटलं. स्टॅटियस हा क्विंटसचा लाडका माणूस, मुक्त केलेला गुलाम, घरात त्याचाच शब्द चाले. आता तिचं वाक्य पुन्हा ऐका. ज्या घरात आल्या-गेल्याचं स्वयंपाकपाणी मालकीण पाहत नाही, नवऱ्याचा कारभारी पाहतो, तिथे ती पाहुणी नाही तर कोण? पत्र लिहिणाऱ्याने तिच्याविरुद्ध साक्ष द्यायला हे लिहिलं. साक्ष तिच्या बाजूने गेली. मराठी घरात वाढलेल्या कुणालाही हे भांडण शब्दाशब्दाला कळेल. स्वयंपाकघराच्या किल्ल्या कुणाच्या कमरेला, यावर आपल्याकडे कमी संसार मोडलेले नाहीत.

इ.स.पू. 45 च्या फेब्रुवारीत सिसेरोची मुलगी तुलिया बाळंतपणानंतर गेली. त्या वेळची पत्रं मी भराभर वाचू शकत नाही. समुद्रकाठच्या आस्तुरा गावी तो सकाळी दाट रानात शिरतो तो संध्याकाळपर्यंत बाहेर येत नाही, कुणाशी बोलत नाही. तिच्यासाठी एक मंदिर बांधायचं त्याने मनात घेतलं आणि त्या जागेसाठी ॲटिकसला पत्रामागून पत्र. अमुक बाग विकाऊ आहे का, तमुक किती मागतो. शोक करणारा बाप जमिनीचे भाव विचारत राहतो. हाताला काहीतरी काम हवं असतं, एवढंच. मंदिर झालं नाही.

हीच पत्रं पुढे 1345 साली व्हेरोनाच्या कॅथीड्रलच्या ग्रंथालयात कवी पेत्रार्कला सापडली. ज्या सिसेरोला त्याने तत्त्वज्ञ म्हणून पूजलं होतं, तो या पत्रांत घाबरणारा, कुरकुरणारा, बाजू बदलणारा निघाला. पेत्रार्कला इतकं दुःख झालं की त्याने मेलेल्या सिसेरोलाच पत्र लिहून जाब विचारला. मला पेत्रार्कचं दुःख समजतं, पण त्याची तक्रार पटत नाही. धाकट्या प्लिनीने आपली पत्रं निवडून, घासूनपुसून स्वतः प्रसिद्ध केली. व्हेसुव्हियसचा उद्रेक त्याने जवळजवळ पंचवीस वर्षांनी इतिहासकार टॅसिटसला लिहून कळवला, आणि ते वर्णन अप्रतिम आहे. तरी प्लिनी वाचताना तो आपल्याला दारातूनच परत पाठवतो असं मला वाटत राहतं. सिसेरोने आपल्याला आत बोलावलेलंच नव्हतं, म्हणून आपण आतपर्यंत पोचतो.

पण ही सगळी मोठ्या घरची माणसं. कैरोपासून साधारण 160 किलोमीटरवर, आजच्या अल-बहनसा गावाजवळ, ऑक्सिरिंकस शहराचे उकिरडे होते. पाऊस जवळजवळ नाही, वर कोरडी वाळू. 1896-97 च्या हिवाळ्यात ग्रेनफेल आणि हंट तिथे खणू लागले तेव्हा टोपल्या भरभरून पपायरस निघाले. एकूण तुकडे पाच लाखांच्या घरात. पावत्या, करारपत्रं, अर्ज, शाळेचे धडे, आणि पत्रं. भाषा बहुतेक ग्रीक, कारण पूर्वेकडच्या रोमन साम्राज्यात व्यवहार ग्रीकमध्ये चाले. कल्याण, सोपाऱ्याहून निघालेला माल तांबड्या समुद्रामार्गे याच इजिप्तमधून रोमला जायचा. तो माल हाताळणाऱ्यांच्या आसपासची ही माणसं.

त्यांत थेऑन नावाचा एक पोरगा आहे. बाप त्याला न घेताच अलेक्झांड्रियाला निघून गेला. पोरगा चुकांनी भरलेल्या भाषेत धमकावतो की मला नेलं नाहीस तर पत्र लिहिणार नाही, बोलणार नाही, पुढे तर खाणार नाही, पिणार नाही. आणि इजिप्तमध्येच, पण दुसऱ्या ठिकाणी मिळालेल्या पत्रांत अपियॉन नावाचा तरुण आहे, दुसऱ्या शतकातला. इजिप्तहून आरमारात भरती होऊन इटलीतल्या मिसेनमला पोचला. बापाला, एपिमाखोसला, कळवतो की समुद्रात संकट आलं होतं, सेरापिस देवाने तारलं. प्रवासखर्चाचे तीन सोन्याचे तुकडे मिळाले. तुम्ही मला शिकवलंत म्हणून पुढे जाईन असं वाटतं, तुमचं पत्र आलं की तुमच्या हाताचं म्हणून त्याचं चुंबन घेईन. माझं चित्र काढून पाठवलं आहे. आणि मधेच सांगून टाकतो की माझं नाव आता अँटोनियस मॅक्सिमस आहे. कित्येक वर्षांनी बहिणीला लिहिलेलं त्याचं आणखी एक पत्र सापडलं आहे. त्यात तो अँटोनियस मॅक्सिमस म्हणूनच लिहितो. बायको, तीन मुलं, त्यांची नावं रोमन आणि ग्रीक वळणाची. गावी असताना हाक मारायचं नाव त्या पत्रात उरलेलं नाही. साम्राज्य माणसाला कसं सामावून घेतं, यावर ग्रंथ आहेत. मी विद्यार्थ्यांना ही दोन पत्रं देतो.

आता ज्या पत्रासाठी मी हा विषय घेतला, त्याकडे येतो. 17 जून, इ.स.पू. 1. हिलारियन नावाचा मजूर अलेक्झांड्रियात कामाला आहे. तो ऑक्सिरिंकसला बायकोला लिहितो. तिचं नाव ॲलिस. तिला तो बहीण म्हणतो, तिथे बायकोला असं म्हणायची रीत होती. लिहितो की, बाकीचे परतले आणि मी इथेच राहिलो तरी काळजी करू नकोस. लहानग्याकडे लक्ष दे. मजुरी हाती आली की लगेच पाठवतो. तू बाळंत झालीस आणि मुलगा झाला तर राहू दे. मुलगी झाली तर टाकून दे.

त्याच्याच पुढच्या ओळीत तो म्हणतो की, आपल्याला विसरू नकोस असा निरोप तू ॲफ्रोडिसियासजवळ दिलास. तुला मी विसरेन कसा? तेव्हा काळजी नको.

मित्रहो, हे पत्र मी किती वेळा वाचलं असेल ते सांगता येत नाही. हिलारियन क्रूर नाही. त्याला मजुरीची चिंता आहे, बायकोची ओढ आहे, आहे त्या लेकराची काळजी आहे. मुलीबद्दलचं वाक्य तो आवाज न चढवता, पैशाच्या वाक्याला लागून लिहितो. त्या काळच्या रोमन कायद्याने अर्भक टाकून देणं हा गुन्हा नव्हता. कायद्याच्या पुस्तकातून हे कळतं. पण ते किती सहज होतं, हे फक्त या पत्रातून कळतं. सोनोग्राफीच्या काळात आपल्या जिल्ह्याजिल्ह्यांतून जे घडलं ते पाहिलेल्या माणसांनी या मजुराकडे बोट दाखवायची घाई करू नये. मी करत नाही. पण मी ॲलिसचा विचार करतो. पोट वाढलेलं, नवरा दूर, आणि हे पत्र आलं आहे. तिला वाचता येत असेल असं मला वाटत नाही. कुणीतरी ते तिला मोठ्याने वाचून दाखवलं असेल, शेजारी, कदाचित सासूच्या देखत. तिचं स्वतःचं एकच वाक्य जगात उरलं आहे, तेही निरोप्याच्या तोंडून नवऱ्याच्या पत्रात गेलेलं. मला विसरू नकोस.

तिथून एकदम उत्तरेला जाऊ, साम्राज्याच्या दुसऱ्या टोकाला. उत्तर इंग्लंडमध्ये विंडोलांडा नावाचं लष्करी ठाणं होतं. तिथे 1973 साली रॉबिन बर्ली यांना ओल्या, हवा न शिरलेल्या मातीत लाकडाच्या पातळ चकत्या सापडल्या, एक ते तीन मिलिमीटर जाडीच्या. दोन चकत्या चिकटलेल्या होत्या. उलगडल्यावर आत शाईची अक्षरं दिसली, आणि हवा लागताच लाकूड काळं पडून ती गेली. इन्फ्रारेड फोटो काढल्यावर परत आली. अशा हजाराहून अधिक फळ्या आज आपल्याकडे आहेत. कुणी मोजे, चपला आणि आतले कपडे पाठवल्याचं कळवतो. कुणी पलटणीची बिअर संपली, पाठवा म्हणतो. क्राउटियस जुन्या सोबत्यावर रागावतो की इतक्या दिवसांत एक ओळ नाही, आणि लगेच जनावरांच्या वैद्याने कबूल केलेल्या कात्रीची आठवण करून देतो.

आणि क्लॉडिया सेव्हेरा. तिचा नवरा एलियस ब्रॉक्कस दुसऱ्या ठाण्यावर अधिकारी. विंडोलांडाचा अधिकारी सेरियालिस, त्याची बायको सल्पिशिया लेपिडिना. सुमारे इ.स. 100. एका फळीवर सेव्हेरा लिहिते की मी ब्रॉक्कसला विचारलं, त्याने तुझ्याकडे यायला हरकत नाही म्हटलं. दुसऱ्या फळीवर वाढदिवसाचं बोलावणं आहे: 11 सप्टेंबरला नक्की ये, तू आलीस तर दिवस गोड होईल. नवऱ्याचा आणि लहान मुलाचा नमस्कार. एवढा मजकूर लेखनिकाने लिहिलेला आहे, सराईत, नेटक्या ओळींत.

मग लेखणी हात बदलते. उजवीकडच्या स्तंभाच्या तळाशी चार आखूड ओळी आहेत, सराव नसलेल्या हाताच्या, अक्षरं अडखळणारी. ती तिला बहीण म्हणते, जिवाची म्हणते, वाट पाहते म्हणते, निरोप घेते. बाईच्या हातचं लॅटिन अक्षर जगात यापेक्षा जुनं क्वचितच कुठे असेल. ब्रिटिश म्युझियममधल्या या फळीचा मोठा केलेला फोटो मी आज इथे आणला आहे. तो त्या टेबलावर ठेवला आहे, व्याख्यानानंतर जवळ जाऊन पाहा. फळी मधोमध दुमडलेली होती, अक्षरं आत, आणि पाठीवर लेखनिकाने पत्ता घातलेला आहे: सेरियालिसच्या सल्पिशिया लेपिडिनेला, सेव्हेराकडून.